चेहरा सोडा, अक्का

शंभर वेळा मरून झाल्यावर मी मोजणं सोडून दिलं. मला तलवारीनं कापलंय, ट्रकनं उडवलंय, विहिरीत ढकललंय. एकदा हत्तीनं सोंडेत धरून आपटलंय, आणि त्याचा त्या बिचाऱ्याला एवढा धक्का बसला की तीन दिवस त्यानं उसाला तोंड लावलं नाही. मी मात्र दर वेळी दुसऱ्या दिवशी सकाळी सात वाजता चहाला सेटवर हजर. मरायचं मी, आणि पोस्टरवर जगायचं तिनं, असं ठरलेलंच होतं.

ती म्हणजे दक्षिणेतली ती मोठी नटी. लोक म्हणतात तिच्या नावाचं एक देऊळ आहे. मी स्वतः दोन पाहिलीत. मी तिची डूप. तिकडे नटीच्या जागी उडी मारणाऱ्या, पडणाऱ्या, मार खाणाऱ्या बाईला डूप म्हणतात. कोल्हापुरात आमच्या आखाड्यात मी लाठी आणि दांडपट्टा खेळायचे. चेन्नईहून एक युनिट शूटिंगला आलं होतं. तिच्या अंगाची, तिच्या उंचीची, घोड्यावरून पडणारी मुलगी त्यांना हवी होती. मी म्हटलं, घोड्यावर बसता येत नाही, पण पडायचं म्हणाल तर आत्ता पडते. पडले. घोड्यासकट पडले. त्यानंतर अकरा वर्षं तिच्यासाठी पडतच राहिले. पुढे लग्न ठरत होतं तेव्हा पुण्याच्या होणाऱ्या सासूबाईंनी विचारलं, "मुलगी काय करते?" आमचे वडील सरळ माणूस. म्हणाले, "पडते."

तिची कहाणी मात्र मारापासूनच सुरू होते. सोळाव्या वर्षी ती सिनेमात आली. तेव्हा तिकडे नायिकेला तीन कामं असायची: नाचायचं, नायकाची थप्पड खायची आणि शेवटच्या रिळात त्याच्याच पाया पडायचं. तिच्या दुसऱ्याच सिनेमात एका बड्या नायकानं तिला खरीखुरी थप्पड मारली. "खरी मारल्याशिवाय मला भाव येत नाही," म्हणाला. अकरा टेक झाले. अकराही खऱ्या. दिग्दर्शक म्हणत होता, वा, डोळ्यांत पाणी आलं, आणखी एक घेऊ. तेव्हापासून तिला डाव्या कानानं कमी ऐकू येतं. ही गोष्ट मी वाढवून सांगत नाही. बाकीच्या सांगते, ही नाही.

सहा वर्षांनी तोच नायक, आणि ती पोलीस इन्स्पेक्टर. सीनमध्ये तिनं त्याला एक ठेवून द्यायची होती. ती गोड हसून दिग्दर्शकाला म्हणाली, "खरी मारल्याशिवाय मला भाव येत नाही." चौदा टेक घेतले. युनिटमध्ये अजून सांगतात की तेराव्याला त्याची कवळी उडून कॅमेऱ्याच्या काचेवर चिकटली. साफ खोटं. मी तिथे होते. कवळी नव्हती, दोन दात होते. मीच उचलून रुमालात बांधून दिले.

त्यानंतर तिची गाडी सुसाट सुटली. हातात कोयता, कपाळावर आडवं कुंकू, आणि समोर पन्नास गुंड. लांबून दिसते ती मी, जवळून दिसते ती ती. तिचा चेहरा, माझं अंग. माझ्या डाव्या गुडघ्यावर तिचा पहिला सुपरहिट आहे, बरगड्यांवर रौप्यमहोत्सवी, आणि पाठीवर जो लांब व्रण आहे तो पडला, म्हणजे सिनेमा, पण व्रण टिकला. इथे जपानात, ओजिमात, आमच्या गल्लीतल्या सार्वजनिक न्हाणीघरात मी पहिल्यांदा गेले तेव्हा गरम पाण्याच्या हौदातून सात बायका एकदम उठून गेल्या. दारावर पाटी होती की टोळीवाल्यांना प्रवेश नाही. त्यांना वाटलं, ही टोळीची मुख्यच असणार. पुढे दोन महिने मला हौद एकटीला मिळाला.

ओजिमात आम्ही नऊ वर्षं आहोत. नवरा सॉफ्टवेअरवाला, कंपनीनं पाठवला, मी मागून आले. इथे एका वृद्ध केंद्रात मी बाइतो करते, म्हणजे तासांवरची नोकरी. म्हाताऱ्यांना पडायला शिकवते. हसू नका. जपानात माणसं शंभरी गाठतात, आणि मग एक दिवस बाथरूममध्ये पाय घसरून खुबा मोडतो. पडायचं तर नीट पडावं. हनुवटी छातीला, कोपर अंगाला, तळहात जमिनीवर टेकायचा नाही, खांद्यावर गोल लोळायचं. माझ्या वर्गातली एक आजी त्र्याण्णव वर्षांची आहे, तरुणपणी ज्युदो शिकलेली. ती असा धोबीपछाड घालते की मीच पाण्याचा घोट घ्यायला बसते.

तर एका मंगळवारी सकाळी मी जळणारा आणि न जळणारा कचरा वेगळा करत होते, तेवढ्यात फोन वाजला.

"ए कोल्हापूर! आहेस का गेलीस?"

मला या नावानं हाक मारणारी जगात एकच बाई. आणि तिला अक्का म्हणायला मला भाषा बदलावी लागत नाही. थोरल्या बहिणीला आम्ही अक्का म्हणतो, तिकडे तमिळमध्येही अक्काच म्हणतात. बाकी आमचं बोलणं म्हणजे तिची मोडकी हिंदी आणि माझी सेटवरची तमिळ, जिच्यात निम्म्या शिव्या.

"तुम्ही मारल्याशिवाय कशी जाईन, अक्का?"

"योकोहामात आहे. शूटिंग. मला पडायचंय."

"डूप नाही आणली?"

"डूप चालत नाही. म्हणून तर तुला फोन केला, म्हशी."

मग तिनं सांगितलं. चाळिशीनंतर तिला आईची कामं मिळायला लागली, आणि पन्नाशीनंतर आईच्या फोटोची. गेल्या तीन सिनेमांत ती भिंतीवर आहे, गळ्यात हार. एकात नायक तिच्यापुढे पाच मिनिटं रडतो. मी पाहिलाय, फोटोनं त्याच्यापेक्षा चांगलं काम केलंय. आता एका तरुण दिग्दर्शकानं तिला पुन्हा मुख्य काम दिलं होतं. मुलाच्या खुन्यांना शोधत जपानला आलेली बाई. सुरुवातीलाच गुंड तिला बंदरावरच्या गोदामात लोखंडी जिन्यावरून खाली पाडतात, ती उठते, आणि पुढचे दोन तास एकेकाला फोडते. पण कॅमेरा जिन्याच्या पायथ्याशी लावलेला, आणि एकोणीस पायऱ्या तिचा चेहरा दिसलाच पाहिजे, असा त्या पोराचा हट्ट. निर्मात्यानं दुसरी स्क्रिप्ट तयारच ठेवली होती. तिच्यात बाई पडद्यावर नावं यायच्या आधीच मरते, आणि तिची मुलगी सूड घेते. मुलगी तेवीस वर्षांची.

"म्हणजे मी परत भिंतीवर," अक्का म्हणाली. "चार दिवसांनी शॉट आहे. पडता आलं तर मी आहे, नाही तर हार आणा."

मी केंद्राच्या प्रमुखबाईंना सांगितलं की माझी अक्का भारतातून आलीय, वय पन्नाशीच्या पुढे, तिला पडायची धास्ती आहे. यातला एक शब्द खोटा नव्हता. त्यांनी कमरेत वाकून हॉल दिला.

ती ओजिमा स्टेशनवर मास्क आणि टोपी घालून उतरली, तरी फलाटावरच्या एका जपानी बाईनं तिला ओळखलंच. इथे तिच्या सिनेमांना माणसं घंटा आणि खंजिऱ्या घेऊन जातात, तिनं गुंडाला आपटलं की वाजवतात. ती बाई फलाटावर उभी राहून रडली, वाकली, पिशवीतून घंटा काढून वाजवली. मला आतून वाटलं, अगं, ती उडी माझी होती. पण बोलले नाही. डूपनं बोलायचं नसतं.

पहिल्या दिवशी मी तिला तीस वेळा पाडलं. तीसही वेळा तिचे दोन्ही हात चेहऱ्यावर. तिचाही दोष नाही. पस्तीस वर्षं त्या चेहऱ्यावर सगळ्यांचं पोट. मेकअपवाल्यापासून वितरकापर्यंत सगळे ओरडायचे, फेस सांभाळा, फेस सांभाळा. अंगात मुरलेलं. पण जिन्यावर हात चेहऱ्यापाशी गेले की मान मोकळी राहते, आणि मान मोकळी राहिली की मग फोटो लावायला स्क्रिप्ट बदलावी लागत नाही.

"चेहरा सोडा, अक्का!"

"नाही सुटत."

मग मी थप्पड मारायला लागले. उघड्या पंज्यानं, वळ उठणार नाही अशी, तिला ठाऊक नसताना, बोलता बोलता. हात वर आला की दुसरी. फक्त उजव्या गालावर. डाव्या बाजूला मी हात लावला नाही. त्र्याण्णव वर्षांची आजी वर्तमानपत्राची सुरळी करून शेजारी बसली होती. अक्काचा हात हलला रे हलला की ती मनगटावर सुरळी हाणायची आणि माझ्याकडे बघून मान डोलवायची. बाकीचे म्हातारे शांतपणे ग्रीन टी पीत बघत होते. इतकी करमणूक त्यांची युद्धानंतर पहिल्यांदाच झाली असावी.

दुसऱ्या दिवशी कोपर सोललं, नडगी सुजली, गादीवर रक्ताचे ठिपके पडले. तिसऱ्या दिवशी मी सातवी थप्पड मारली आणि अक्का उलटली. तिनं माझे केस धरले, मला खाली घेतलं आणि छातीवर बसून गुद्दे घातले. खरे. सिनेमात पन्नास गुंडांना लोळवताना तिनं कधी एवढा जोर लावला नव्हता. मीही सोडलं नाही. तिच्या पोटात गुडघा घातला. दोन पन्नाशीच्या बायका गादीवरून जमिनीवर, जमिनीवरून चहाच्या टेबलाखाली.

"तुला वाटतं ना," ती धापा टाकत ओरडली, "तुझ्या हाडांवर उभी राहिले मी?"

"वाटत नाही, अक्का. एक्स-रे आहेत."

तिचा हात वरच थांबला. मला वाटलं आता रडते. ती म्हणाली, "मग बघत काय बसलीस? मार ना."

आम्ही दोघी उठून उभ्या राहिलो, आणि मी मारली. अशी मारली की माझाच पंजा झिणझिणला. तिची कोपरं अंगाला चिकटून राहिली. चेहरा माझ्यासमोर उघडा, डोळेही उघडे. ती मागे पडली, गोल लोळली आणि उठून बसली. आजीनं सुरळी उलगडली आणि त्यातलं हवामान वाचायला घेतलं. तिचा वर्ग संपला होता.

शॉटच्या दिवशी घोळ मी घातला. तिकडच्या फायटर लोकांचा रिवाज असा की जिवावरच्या शॉटआधी कोहळा ओवाळून फोडायचा. त्यात कुंकू भरायचं, वर कापूर लावायचा, नटाभोवती फिरवायचा आणि जमिनीवर आपटायचा. लाल चिखल सगळीकडे, म्हणजे रक्त सांडायचं ते सांडून झालं. कोहळा जपानात उन्हाळ्यात मिळतो, आणि आम्ही होतो फेब्रुवारीत. मी फुशारकीनं सांगितलं होतं, काळजी करू नका, मी आणते. आणि आणला तो काबोचा, इथला हिरवा भोपळा. भोपळा तो भोपळा, म्हटलं. त्याला भोक पाडायलाच नवऱ्याची ड्रिल मशीन लागली तेव्हा तरी मला कळायला हवं होतं.

फाइट मास्टर म्हणजे माझे गुरू, सत्तरीचे, हातापायांची मिळून सोळा हाडं मोडलेले. त्यांनी काबोचा ओवाळला, मंत्र पुटपुटला आणि दाणकन आपटला. तो चेंडूसारखा उसळून त्यांच्याच नडगीवर बसला. पुन्हा आपटला; कॅमेऱ्याच्या ट्रॉलीवर आदळून परत आला. तिसऱ्यांदा त्यांनी डोक्यावरून दोन्ही हातांनी हाणला तेव्हा गोदामाच्या फरशीला चीर गेली, काबोचाला नाही. जागेची व्यवस्था बघणाऱ्या जपानी गृहस्थांनी निळी ताडपत्री अंथरून ठेवली होती. एक थेंब न सांडल्याबद्दल त्यांनी मास्टरांचे मनापासून आभार मानले.

पण फायटरांचे चेहरे उतरले. फुटला नाही म्हणजे रक्त शिल्लक आहे. जो पहिलवान तिला मारून पाडणार होता तो हात जोडून मागे सरला.

"अक्कांवर आज हात नाही उचलणार. माझं लेकरू लहान आहे, पाप नको."

"मी करतो," असं म्हणणारा एकही जण नव्हता. मास्टर दिग्दर्शकाला म्हणाले, "अक्का आज नको. कोल्हापूर आहे की. तिला विग लावा, पाठीकडून घेऊ."

दिग्दर्शकानं मान हलवली. "पाठ नको, मला चेहरा हवाय. आज हे गोदाम सोडायचंय. नाही झालं तर..." आणि तो दुसरीकडे बघायला लागला. दुसऱ्या स्क्रिप्टचं नाव कोणी घेतलं नाही.

खरं सांगते, माझ्या पायांना खाज सुटली होती. एकोणीस लोखंडी पायऱ्या, आणि विग समोर ठेवलेला. वीस वर्षांनी कोणीतरी मला पडायला सांगत होतं. मी विगकडे दोन पावलं गेलेसुद्धा.

जिन्याच्या वरच्या पायरीवर अक्का एकटीच उभी होती. तिनं वरून विचारलं, "काय ठरलं?" तिचा डावा कान आमच्याकडे होता, तिला काहीच ऐकू आलं नव्हतं.

मी पहिलवानाला म्हटलं, "कोट काढ. हातमोजाही दे."

"बाई, तुम्ही?"

"माझं लेकरू मोठं झालंय. आणि काबोचा मीच आणला, पाप असेल तर माझंच आहे."

काळा कोट, काळा हातमोजा. फ्रेममध्ये फक्त माझा हात येणार होता. मी जिना चढून तिच्यासमोर उभी राहिले. तिनं हातमोजा बघितला, मग मला.

"तू?"

"उजव्या बाजूनं येते, अक्का."

"नीट मार. दुसरा टेक मला झेपणार नाही."

खालून आवाज आला, अॅक्शन. मी मारली. खरी. कोल्हापुरात आखाड्याच्या मातीत ऐकू गेली असेल अशी. ती गेली.

तिसऱ्या पायरीवर पाठ. सातवीवर ओठ फुटला. कोपर अंगाला, हनुवटी छातीला, चेहरा उघडा, पाऊस झेलावा तशा त्या लोखंडी कडा तिनं चेहऱ्यावर झेलल्या. बाराव्या पायरीवर डावा खांदा आदळला आणि मला तो आवाज आला. हाड मोडताना सुक्या काडीसारखं वाजत नाही, ओल्या काडीसारखं वाजतं. माझ्या शरीरातून मी तो नऊ वेळा ऐकलाय. पण हात चेहऱ्याकडे गेला नाही. एकोणिसावीनंतर ती फरशीवर पडली, थांबली, उजव्या हातावर जोर देऊन उठली आणि कॅमेऱ्यात बघितलं. डावा हात नुसता लोंबत होता. हनुवटीवरून रक्त ओघळत होतं. दिग्दर्शक कट म्हणायला विसरला. शेवटी मास्टरच कट म्हणाले आणि रडायला लागले.

योकोहामाच्या इस्पितळात डॉक्टरांनी एक्स-रे लावला. गळ्याखालच्या हाडाचे सरळ दोन तुकडे. त्यांनी मला जपानीत हळूच विचारलं, "या बाईंना कोणी मारलं?"

"मी," म्हटलं.

त्यांनी पेन खाली ठेवलं. मग मला पंधरा मिनिटं सिनेमा म्हणजे काय ते समजावून सांगावं लागलं. खांदे मागे ओढून पट्टा बांधायचा होता. पण अक्का कोणाला हात लावू देईना. "आधी तो येऊ दे," एवढंच म्हणत होती. दिग्दर्शक तिकडे निर्मात्याशी फोनवर बोलत बसला होता.

तो आला तेव्हा त्याचा चेहरा पांढरा पडला होता. "मॅडम, सहा आठवडे लागणार म्हणतात. आपलं शूटिंग तर बाराच दिवसांचं. निर्माते म्हणतात..."

"तुझी बाई एकोणीस पायऱ्या पडते ना?" अक्का म्हणाली. फुटक्या ओठातून शब्द नीट येत नव्हते. "पडून तिचं काही मोडत नाही? कापसाची आहे? हिला विचार. ए कोल्हापूर, जिन्यावरून पडलीस तेव्हा काय मोडलं?"

"तीनदा पडले, तीनदा हेच मोडलं."

"मग? हात गळ्यात बांधून पुढचा सिनेमा. उजवा आहे ना. पन्नास जणांना एक हात पुरतो."

पोरानं फोनवर शॉट लावला आणि तिथेच उभा राहून पुन्हा बघितला. डॉक्टर त्याच्या खांद्यावरून बघत होते, नर्स डॉक्टरांच्या खांद्यावरून. शॉट संपला. त्यानं पुन्हा लावला. अक्का त्याच्या बोटांकडे बघत होती. आयुष्यात मी तिला एवढी घाबरलेली कधी पाहिली नाही, हत्तीसमोरही नाही.

"परवा सकाळी सात," तो म्हणाला. "डावा हात गळ्यात. दुसरी स्क्रिप्ट मी निर्मात्याला परत पाठवतोय."

"नक्की?"

"नक्की, मॅडम."

मग तिनं खांदा डॉक्टरांपुढे केला. त्यांनी मागून धरून ओढला. आणि ज्या बाईनं जिन्यावर हूं की चूं केलं नव्हतं, तिनं अशी किंकाळी फोडली की योकोहामा बंदरात उभ्या असलेल्या जहाजांनी, कोणीतरी बोलावतंय असं समजून, एकेक करून भोंगे वाजवले.